लग्नानंतर अर्धवट राहिलेली पदवी: जुनी वर्षे, बदललेले नाव आणि अभ्यासाचा वेळ

प्रश्न: कृष्णाकाठ

सर्वांना नमस्कार. मी कराडजवळच्या एका गावात राहते. २००६ मध्ये मी शिवाजी विद्यापीठाची बी.कॉम. भाग दोनची परीक्षा उत्तीर्ण झाले आणि भाग तीनला प्रवेश घेण्याआधीच माझे लग्न ठरले. राहिलेले एक वर्ष लग्नानंतर पूर्ण करू द्यायचे, असे बोलणी झाली तेव्हा सर्वांसमोर ठरले होते. पण पहिले वर्ष सासूबाईंच्या आजारपणात गेले, नंतर मुलगी झाली, आणि तो विषय पुन्हा कोणी काढला नाही. मीही काढला नाही.

जीएसटी लागू झाला त्या २०१७ सालापासून मी एका करसल्लागारांकडे काम करते. व्यापाऱ्यांकडून बिले मागवणे, टॅली या हिशेबाच्या सॉफ्टवेअरमधल्या नोंदी तपासणे आणि विवरणपत्रे तयार करणे ही कामे माझ्याकडे असतात, आणि नव्याने येणाऱ्या पदवीधर मुलांना ती मीच शिकवते. तरीही पगारवाढीचा विषय निघाला की "तुमची पदवी पूर्ण नाही" या एका वाक्यावर बोलणे संपते.

मला विचारायचे आहे ते असे. माझी पहिली दोन वर्षे आता धरली जातील का, की मुक्त विद्यापीठातून पहिल्या वर्षापासून सुरुवात करणेच बरे? माझी सर्व गुणपत्रके माहेरच्या नावाची आहेत आणि आधार, बँक, पॅन हे सगळे सासरच्या नावाने आहे, त्याचे काय करावे? आणि तिसरी गोष्ट विचारायला थोडा संकोच वाटतो. मिस्टरांची हरकत नाही, पण मुलगी यंदा बारावीला आहे, आणि सासूबाई म्हणतात, "आता लेकीच्या शिक्षणाकडे बघायचं की तुझ्या?" त्या हे वाईट हेतूने म्हणत नाहीत, म्हणूनच मला उत्तर सुचत नाही. ज्यांनी संसार सांभाळून पदवी पूर्ण केली आहे, त्यांनी अभ्यासाचा वेळ कसा काढला हे कृपया सांगावे.

उत्तर: रविवारचे संपर्कसत्र

ताई, मी वयाच्या ४१ व्या वर्षी नाशिकच्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठातून बी.ए. पूर्ण केले. हे विद्यापीठ १९८९ मध्ये स्थापन झाले. पुस्तके स्वतः वाचून समजतील अशा मराठीत लिहिलेली असतात, आणि आमची संपर्कसत्रे रविवारी अभ्यासकेंद्रावर होत असत. आमच्या वर्गात एक आई आणि तिची सून शेजारी बसत.

तुमच्या जुन्या वर्षांच्या भरवशावर राहू नका, असे मी स्पष्ट सांगेन. हल्ली श्रेयांक (म्हणजे उत्तीर्ण झालेल्या विषयांचे क्रेडिट) जमा करण्याची सोय झाली आहे, पण जमा झालेले श्रेयांकही साधारण सात वर्षांपर्यंतच ग्राह्य धरतात, आणि तुमचे २००६ चे गुण तर जुन्या वार्षिक पद्धतीचे आहेत. तरी शिवाजी विद्यापीठाकडे एक लेखी अर्ज करून उत्तर लेखीच घ्यावे, कारण खिडकीवर मिळालेल्या तोंडी उत्तराचा पुढे काही उपयोग होत नाही. पदवीच्या मान्यतेची काळजी करू नका. मान्यताप्राप्त संस्थेतून दूरस्थ पद्धतीने घेतलेली पदवी नियमित पदवीच्या बरोबरीची मानावी, हे विद्यापीठ अनुदान आयोगाने २०२२ मध्ये पुन्हा स्पष्ट केले आहे. प्रवेश घेण्यापूर्वी तो अभ्यासक्रम आयोगाच्या मान्य यादीत आहे की नाही, एवढे मात्र पाहावे.

नावाचे काम सर्वांत आधी करा. माझे प्रवेशपत्र माहेरच्या नावाचे आणि ओळखपत्र सासरच्या नावाचे होते. पहिल्याच पेपरला मला दाराबाहेर उभे केले, विवाह नोंदणीचे प्रमाणपत्र घेऊन मिस्टर गाडीवरून येईपर्यंत चाळीस मिनिटे गेली, आणि आत बसल्यावर माझा हात इतका कापत होता की आसनक्रमांक दोनदा खोडून लिहावा लागला. तो पेपर मी नापास झाले. तेव्हा विवाह प्रमाणपत्राच्या चार-पाच साक्षांकित प्रती काढून ठेवा. काही ठिकाणी राजपत्रात प्रसिद्ध झालेली नावबदलाची नोंदही मागतात, त्यामुळे तेही काम आताच करून घेतलेले बरे.

उत्तर: वाचनालयाची पायरी

तुमच्या तिसऱ्या प्रश्नावर लिहिते. मी लग्नानंतर आणि एका बाळंतपणानंतर पीएच.डी. पूर्ण केली. नियम पाहिले तर संशोधक स्त्रियांना प्रसूती आणि बालसंगोपनासाठी २४० दिवसांची रजा मिळू शकते, आणि प्रबंधासाठी दोन वर्षांची जादा मुदतही मिळते. मी रजेचा अर्ज घेऊन गेले तेव्हा माझ्या मार्गदर्शकांनी विचारले, "घरी बसूनच लिहायचे आहे, मग रजा कशाला?" ते सज्जन गृहस्थ होते, आणि त्यांना खरोखरच तसे वाटत होते.

तेव्हापासून मला एक गोष्ट कळली आहे. घरात बसून वाचणारी बाई कामात आहे असे कोणालाच वाटत नाही. मी पुस्तक उघडले की दूध उतू जाते आहे का ते बघ, दारावर कोण आहे ते बघ, अशा हाका सुरू होत. कोणी त्रास देण्यासाठी हाक मारत नव्हते, मी त्यांना मोकळी दिसत होते इतकेच. शेवटी मी गावातल्या सार्वजनिक वाचनालयात दुपारी तीन ते पाच जाऊन बसू लागले. पहिल्या आठवड्यात चर्चा झाली, पण महिन्याभराने सासरे स्वतःच आल्यागेल्याला सांगू लागले की सूनबाई कामाला गेली आहे. त्याच दोन तासांत माझी तीन प्रकरणे लिहून झाली. तुम्हाला दुपारी जमणार नाही, पण कार्यालयात एक तास जादा थांबून तिथेच अभ्यास करण्याची परवानगी मालकांकडे मागून पाहा. शिवाय तुमच्या कामाला तारखा आहेत. ११ आणि २० तारखेची विवरणपत्रे भरून झाल्यानंतरचे दहा दिवस अभ्यासाचे, असे आत्ताच ठरवून टाका आणि उरलेल्या वीस दिवसांत अभ्यास झाला नाही म्हणून वाईट वाटून घेऊ नका.

उत्तर: निवृत्त प्राध्यापिका

सासूबाईंच्या प्रश्नाबद्दल मला लिहावेसे वाटते. रमाबाई रानडे लग्नानंतर घरीच शिकल्या, आणि त्यांच्या आठवणींत घरातल्या वडीलधाऱ्या बायकांनी त्या शिक्षणावरून दिलेला त्रास फार तपशिलाने आला आहे. पतीचा पूर्ण पाठिंबा असताना हा त्रास झाला. ज्या बायकांना स्वतःला कधी पाटी मिळाली नव्हती, त्यांच्या डोळ्यांसमोर एक मुलगी रोज पाटी घेऊन बसत होती, हे दुखणे मला आज जास्त समजते. पुढे त्याच रमाबाईंनी पुण्यात १९०९ मध्ये सेवासदन उभे केले आणि तिथे प्रौढ, विवाहित आणि विधवा स्त्रियांना शिकता आले. धोंडो केशव कर्वे यांनी १९१६ मध्ये महिला विद्यापीठ काढले तेव्हा पहिल्या तुकडीत अवघ्या पाच विद्यार्थिनी होत्या आणि शिक्षण मातृभाषेतून होते.

तुमच्या सासूबाई किती शिकल्या आहेत, हे तुम्ही लिहिलेले नाही. एकदा शांतपणे विचारून पाहा.

माझ्या तीस वर्षांच्या नोकरीत लग्न झालेल्या मुली नापास झाल्यामुळे शिक्षण सोडताना मी क्वचितच पाहिल्या. बहुतेकींचा एखादा पेपर नणंदेच्या लग्नात, दिराच्या साखरपुड्यात किंवा कोणाच्या तरी वर्षश्राद्धात बुडे, आणि तो एक विषय राहिला की तो राहूनच जाई. म्हणून परीक्षेचे वेळापत्रक आले की त्याच दिवशी ते स्वयंपाकघरातल्या दिनदर्शिकेवर लाल पेनाने लिहा आणि नातेवाइकांना फोन करून कळवा. दिनदर्शिकेवर दूधवाल्याचे खाडे लिहिले जातात, गॅस कधी लावला ते लिहिले जाते, तिथे तुमचे पेपरही दिसले पाहिजेत.

उत्तर: बारावीची आई

एक छोटी माहिती. कौटुंबिक वार्षिक उत्पन्न ८ लाख रुपयांपर्यंत असलेल्या, आर्थिकदृष्ट्या दुर्बल, इतर मागास आणि सामाजिक व शैक्षणिक मागास घटकांतील मुलींना, केंद्रीभूत प्रक्रियेतून व्यावसायिक अभ्यासक्रमाला प्रवेश घेतल्यास शिक्षण शुल्क व परीक्षा शुल्क पूर्ण माफ करण्याचा निर्णय राज्य शासनाने जुलै २०२४ मध्ये घेतला आहे. तुमची मुलगी त्यात बसत असेल तर तिचे दाखले आत्तापासून काढा. लेकीचा की तुमचा, हा प्रश्न पैशांचा असेल तर त्यातला मोठा भाग इथेच सुटेल.

कृष्णाकाठ

सर्वांचे मनापासून आभार. काल माळ्यावरची पेटी काढली. भाग एकची गुणपत्रिका मिळाली, भाग दोनची मात्र वाळवीने खाल्ली आहे, फक्त आसनक्रमांक वाचता येतो. पेटी पुसायला सासूबाई बसल्या होत्या. त्या सातवीपर्यंत शिकल्या आहेत, आणि त्यांची शाळा कोणत्या महिन्यात सुटली तेही त्यांना आठवते. मालकांनी संध्याकाळी सातपर्यंत थांबायला हरकत घेतलेली नाही. गुणपत्रिकेच्या दुय्यम प्रतीसाठी या आठवड्यात अर्ज करते आहे. ती प्रत माहेरच्याच नावाने येईल, तेव्हा प्रवेशाच्या वेळी सोबत विवाह प्रमाणपत्र पुरते, की दोन्ही नावे एकाच व्यक्तीची असल्याचे प्रतिज्ञापत्रही लागते, हे 'रविवारचे संपर्कसत्र' यांनी कृपया कळवावे.