सिंगापूरच्या आपल्या मंडळाची टोकियो सहल: सुशीच्या वर्गाला शाकाहारींचा पक्का आकडा, उद्या रात्रीपर्यंत

प्रेषक: क्लेमेंटीकर (सहल समिती)

मंडळी,
सुशीच्या वर्गवाल्यांचा पुन्हा मेल आला. अठरा जणांचे पैसे भरून झालेत, त्यातले शाकाहारी किती ते उद्या रात्रीपर्यंत कळवायचंय. माझ्या यादीत सहा आहेत. पण काल पुंगोलकर वहिनींचा फोन आला, वर्ग शनिवारी आहे म्हणून. वार पाळणारे धरले तर आकडा नऊवर जातो. दिवस बदलून मिळणार नाही, विचारून झालंय. शुक्रवारी निक्को गावाला जायचंय आणि रविवारी परत निघायचं.
बालीला झालं तसं तिथे जाऊन कुणी ताट बाजूला सारायला नको. ज्याने त्याने इथेच लिहा. मला वेगळे व्हॉट्सॲप करू नका, त्यात हरवतं.

---

प्रेषक: पुंगोलकर

ताई, फोनवर नीट बोलता आलं नाही म्हणून लिहिते. आमच्याकडे शनिवार मारुतीचा. हे, भाऊजी आणि मी, तिघंही एरवी मासे खातो, शनिवारी नाही. सिंगापूरला येऊन अकरा वर्षं झाली, एकदाही मोडलेला नाही, टोकियोत मोडायचा नाही.
प्रश्न एवढाच की माशाची सुशी हाताने करून बघायला आम्हाला चालेल का? भाऊजींना निगिरी, म्हणजे भाताच्या मुटक्यावर माशाचा काप, शिकायचीच आहे, त्यासाठीच ते सहलीला येताहेत. करतील आणि दुसऱ्याला देतील. खायला मात्र काकडीचं काहीतरी लागेल. असं अर्धं-अर्धं वर्गवाले लिहून घेतात का?

---

प्रेषक: बेडोककर

क्लेमेंटीकर ताई,
सहा की नऊ हा प्रश्न नंतरचा. आधी त्यांना नुसतं 'व्हेजिटेरियन' लिहून पाठवलंत का ते सांगा. ओसाकात नऊ वर्षं काढली आहेत, त्यातली पहिली दोन मी या एका शब्दावर विश्वास ठेवून माशाचं पाणी प्यायलो. तिथे शाकाहारी म्हटलं की माशाचा तुकडा ताटात येत नाही. दाशी, म्हणजे सूप-रश्शाचं मूळ पाणी, येतो. आणि दाशी बहुतेक वेळा कात्सुओबुशीचा, म्हणजे वाळवून, धुरावून लाकडासारख्या कडक केलेल्या माशाच्या किसाचा. कुणी फसवत नसतं, त्यांच्या लेखी ती चव आहे, पदार्थ नाही.
सुशीच्या वर्गात तो कुठे कुठे असू शकतो ते सांगतो. मिसो सूपमध्ये तर असतोच. तामागोयाकीत, म्हणजे त्या गोडसर ऑम्लेटच्या वडीत, बहुतेक असतो. इनारीचं, म्हणजे भात भरायचं तोफूचं पाकीट दाशीत उकळलेलं असतं. कान्प्योमाकीतल्या (माकी म्हणजे नोरी या समुद्री शेवाळाच्या पानात वळलेला रोल) तपकिरी पट्ट्यासुद्धा दाशी, सोया सॉस आणि साखरेत शिजवतात. भातात घालायचं तयार सुशी-सू, म्हणजे चव लावलेलं व्हिनेगर, बाटलीतलं असेल तर काहींत तोही असतो, लेबल वाचावं लागतं. खाता येतील अशा गोष्टी म्हणजे काकडीची काप्पामाकी, ताकुआन मुळ्याच्या लोणच्याची माकी, नातो म्हणजे आंबवलेले सोयाबीन (पाकिटातला सॉस सोडून, त्यात बहुतेक दाशी असतो; आणि हे सगळ्यांना जमेलच असं नाही), आणि बाजूचं आलं. वासाबीला हरकत नाही.
मी स्वतः त्यांना फोन करून बोलतो. जपानीत पाच मिनिटांचं काम आहे.

---

प्रेषक: तांपिनीसकर

बेडोककर काका, कान्प्यो म्हणजे आपला दुधी भोपळा! तोचिगी भागात होतो, फळ गरगर फिरवत साल काढल्यासारख्या लांबच लांब पट्ट्या काढतात आणि वाळवतात. मागच्या वर्षी डॉन डॉन डोन्की या जपानी दुकानात पाकीट दिसलं, पांढऱ्या फितीच वाटल्या. घरी आणून मीठ चोळून धुतल्या, भिजवल्या, मग उकळल्या. पहिल्या घासाला सासूबाई म्हणाल्या, हा तर दुधी. कोकणात त्यांच्या आई पावसाळ्यासाठी भाज्या वाळवून ठेवायच्या, पण दुधीची फीत त्यांनी कधी पाहिली नव्हती.
मी दाशीऐवजी वाळवलेल्या शिताके मशरूमचं भिजवलेलं पाणी घातलं, सोया सॉस आणि थोडा गूळ. गूळ तिथे कुणी घालत नाही, पण आमच्या घरी छान लागला.

---

प्रेषक: जुरोंगकर

गूळ वगैरे नंतर बोलू. आमच्या आईंचं काय करायचं? त्या माळकरी आहेत, सांगलीहून पहिल्यांदाच परदेशी आल्यात. अंडंही चालत नाही. मासा कापलेल्या सुरीने काकडी कापली तर त्या खाणार नाहीत, आणि मीही आग्रह करणार नाही. एकाच लाकडी पाटावर सगळं होणार असेल तर आम्ही दोघी त्या दिवशी टोकियोतच असाकुसा भागात फिरायला जाऊ. पैसे गेले तरी चालतील.
यादीत आमच्यापुढे 'शाकाहारी' एवढंच आहे का? आईंचं वेगळं लिहा.

---

प्रेषक: क्लेमेंटीकर (सहल समिती)

काका, तुम्ही मदतीला आलात याचा आनंदच आहे, पण वर्गवाल्यांशी बोलणं एकाच ठिकाणाहून राहू दे. गणपतीच्या वेळी केटररला तिघांचे फोन गेले आणि मोदक किती हे शेवटपर्यंत कुणालाच कळलं नाही. तुम्ही मजकूर लिहून द्या, पाठवते मी. उत्तर आलं की इथे टाकते.
जुरोंगकर, असाकुसाचं आत्ताच ठरवू नका. वेगळी सुरी, वेगळा पाट, वेगळी चटई मागणं काही फार नाही. आईंना सोडून अठरा जणांचा वर्ग मला करायचा नाही.
पुंगोलकर वहिनी, तुमचं कळलं. अर्धं-अर्धं विचारते.

---

प्रेषक: वुडलँड्सकर

मला नवव्या आठवड्यात कच्चा मासा नको असं डॉक्टरांनी सांगितलंय (हो, आता सगळ्यांना कळलं, आशीर्वाद असू द्या). माझं नाव शाकाहारीत टाकू का? मला मासा आवडतो, शिजवलेला चालतो. व्हिनेगर लावल्यावर कच्च्या माशातलं सगळं मरतं असं आमच्या शेजारीण बाई म्हणाल्या, ते खरं का?

---

प्रेषक: बेडोककर

अभिनंदन! आणि नाही, ते खरं नाही. बांगड्याच्या जातीच्या साबात आनिसाकिस नावाची अळी असू शकते, ती व्हिनेगर, मीठ, सोया सॉस, वासाबी यांपैकी कशानेही मरत नाही. जपानच्या आरोग्य खात्याची सूचना उणे २० अंशांवर २४ तास गोठवा किंवा नीट शिजवा अशी आहे. पण गोठवल्यावरही गरोदरपणात जंतूंचा प्रश्न उरतोच, तेव्हा डॉक्टरांचंच ऐका. शाकाहारीत नाव घालू नका, नाहीतर उगाच काकडीच मिळेल. 'कच्चं नको' असं वेगळं लिहा. एबी म्हणजे कोळंबी, ती शिजवलेलीच मागा, कच्चीही मिळते. ऊनागी म्हणजे ईल मासा, तो भाजूनच येतो.

मजकूर असा पाठवा, रोमन अक्षरांत नको, मी जपानी लिपीत वेगळा पाठवतोय: "निकु मो साकाना मो ताबेमासेन. कात्सुओ-दाशी मो दामे देस." मांस नाही, मासा नाही, कात्सुओचा दाशीही चालत नाही. त्याखाली, सूप कोम्बू आणि शिताकेच्या दाशीचं करता येईल का. बौद्ध मठांतल्या शोजिन जेवणात हाच दाशी असतो, त्यामुळे त्यांना हे परकं वाटणार नाही. शब्द बदलू नका, ताई. 'व्हेजिटेरियन' हा शब्दच नको.

---

प्रेषक: पुंगोलकर

मग कोम्बू शनिवारी चालतो ना? तो समुद्रातला.

---

प्रेषक: तांपिनीसकर

वहिनी, शेवाळ आहे ते, नोरीसारखं. समुद्रातलं म्हणून मासा होत नाही. मीठही समुद्रातलंच.

---

प्रेषक: क्लेमेंटीकर (सहल समिती)

उत्तर आलं. त्यांना मजकूर कळला आणि त्यांनी फार व्यवस्थित विचारलं: सोया सॉस चालतो का, मिरिन (स्वयंपाकात घालायचं गोडसर पेय, त्यात अल्कोहोल असतं) चालतो का, अंडं किती जणांना. यादी अशी गेली:
कच्चा मासा खाणारे आठ. शिजवलेलंच एक. वार पाळणारे तीन, मासा करतील, खाणार नाहीत, बनवलेली निगिरी शेजाऱ्याला. शाकाहारी पाच, त्यांत अंडं चालणारे चार. माळकरी एक, मिरिनही नको, स्वतंत्र टेबल, नवा पाट, नवी सुरी. टेबलाचे वेगळे पैसे मागितले नाहीत.
मिसो सूप सगळ्यांनाच कोम्बू-शिताकेचं. तामागोयाकी दाशीविना करता येत नाही म्हणाले, म्हणून ती फक्त मासे खाणाऱ्यांना.
बुधवारी बाजार बघायचं कुणी म्हणत होतं. त्सुकिजीच्या बाहेरच्या बाजारात बरीच दुकानं रविवारी आणि काही बुधवारीही बंद असतात. माशांचा लिलाव आता तिथे होत नाही, तो ऑक्टोबर २०१८ मध्ये तोयोसूला गेला. तेव्हा शनिवारी वर्गाच्या आधीच सकाळी फिरून घेऊ.

---

प्रेषक: जुरोंगकर

(रविवार, हानेदाच्या विमानतळावरून)

बाकीचे अजून झोपेत असतील, पण हे लिहिल्याशिवाय राहवत नाही.
काल आईंचं टेबल खिडकीशी होतं. नवी चटई पाकिटातून त्यांच्यासमोर काढली. भात आधीच शिजलेला, पण व्हिनेगर, साखर आणि मीठ घालून कालवायचं काम आमच्याकडे दिलं. पसरट लाकडी परातीत, हांगिरी म्हणतात तिला, गरम भात ओतला, उलथन्याच्या धारेने कापत कापत हलवायचा, ढवळायचा नाही, आणि दुसऱ्याने पंख्याने वारा घालायचा. आईंनी मला पंखा दिला आणि शिकवणाऱ्या बाईंच्या आधी स्वतःच भात उलटायला लागल्या. दहीभाताला भात मोडतो तसा इथे मोडायचा नाही, दाणा अख्खा राहिला पाहिजे, हे त्यांना खुणेनेच कळलं. हाताच्या आचेइतका कोमट झाला की तयार.
मग हाताला व्हिनेगरचं पाणी लावून नोरीच्या खरबरीत बाजूवर भात पसरायचा. मी दाबून बसवला, तर बाई लगेच 'फुन्वारी' म्हणाल्या, म्हणजे हलका, मऊ. आई हसल्या नाहीत, मला म्हणाल्या, उकडीला पाणी लावतो तसा हात ओला ठेव आणि दाबू नकोस, मोदकाची कळी दाबली की फुटते. त्यांचा रोल पहिल्याच खेपेला गोल आला. सुरी ओल्या फडक्याला पुसून दोन तुकडे, मग प्रत्येकाचे तीन. मधोमध काकडी अगदी बरोबर.
कान्प्यो शिताकेच्या पाण्यात शिजवलेला, मिरिनऐवजी नुसती साखर. आईंनी तोंडात घातला आणि म्हणाल्या, "दुधीच गं." तांपिनीसकर वहिनी, तुमच्या सासूबाईंना हे सांगा. त्यानंतर त्यांनी बाईंचा हात हातात घेतला, भाषा काहीच नव्हती, दोघी बराच वेळ तशाच होत्या.
भाऊजींच्या निगिरीवर मासा घसरत होता, बाईंनी त्यांना हातात नुसता भात वीस वेळा धरायला लावला. शेवटची चार छान जमली, ती कच्चा मासा खाणाऱ्यांनी वाटून खाल्ली. भाऊजींनी स्वतः काकडीच खाल्ली.

---

प्रेषक: पुंगोलकर

हो, वीस वेळा. विमानातसुद्धा मुठी वळत होते. ताई, वर्गात उरलेली कान्प्योची दोन पाकिटं कुणाच्या पिशवीत गेली? आमच्या चौकशीला आलेल्या मावशींना करून घालायचाय.

---

प्रेषक: क्लेमेंटीकर (सहल समिती)

माझ्याकडे आहेत. गुरुवारी संध्याकाळी क्लेमेंटी एमआरटी (मेट्रो) स्टेशनशी भेटा, देते. आणि काका, तो जपानी मजकूर मंडळाच्या फायलीत ठेवलाय, तुमच्या नावाने.