कॉम्प्युटरला गंडवून चेक काढणाऱ्या माणसाचा जुना पिक्चर कोणता?

अर्धवट_प्रेक्षक: एक जुना इंग्लिश पिक्चर शोधतोय, टीव्हीवर मधूनच बघितलेला त्यामुळे नाव कळलंच नाही. एक जाडजूड गडी जेलमधून सुटतो आणि कॉम्प्युटर एक्स्पर्ट आहे अशी थाप मारून लंडनच्या बड्या कंपनीत चिकटतो, मग कंपनीच्याच मशीनकडून स्वतःला चेक पाठवत बसतो. कॉम्प्युटर म्हणजे खोलीभर पसरलेलं धूड. कोणाला आठवतंय का? आणि कॉम्प्युटरवाली चोरी दाखवणारा हाच पहिला का?

रीळवेडा: हॉट मिलियन्स, १९६८. तो जाडजूड गडी म्हणजे पीटर उस्तिनोव्ह, पुढे अगाथा ख्रिस्तीचा गुप्तहेर पॉयरो झाला तोच. सोबत मॅगी स्मिथ, हॅरी पॉटरमधली मॅकगोनागल, इथे एकदम तरुण आणि कुठलीच नोकरी धड न जमणारी. खऱ्या एक्स्पर्टला तो ॲमेझॉनच्या जंगलात पतंग पकडायला पिटाळतो (किडे, उडवायचे नव्हे) आणि त्याच्या नावावर स्वतः कामाला लागतो, मग युरोपात बोगस कंपन्या काढून त्यांच्या नावाने चेक काढायचे. पटकथेला ऑस्कर नॉमिनेशन होतं, ती लिहिण्यातपण उस्तिनोव्हचा हात होता. पहिला का ते सोडा, पण सुरुवातीच्यांपैकी नक्की.

मिनीकूपर: इटालियन जॉब विसरलात की राव! १९६९. तुरिन शहराचं ट्रॅफिक सांभाळणाऱ्या कॉम्प्युटरची टेपच बदलून टाकतात, सगळं शहर जाम आणि हे तीन मिनी गाड्या घेऊन सोनं पळवतात.

रीळवेडा: भारीच आहे तो, पण तिथे कॉम्प्युटर फक्त रस्ते अडवायला, सोनं शेवटी मारामारी करून गाडीतूनच न्यावं लागतं. हॉट मिलियन्समध्ये चोरीच मशीन करतं, ती पण ऑफिसच्या वेळेत. साहेब लोकांना त्या मशीनचं इतकं कौतुक की त्यातून बाहेर पडलेल्या चेकवर शंका घ्यायचं कोणाच्या डोक्यातच येत नाही. आजकाल ऑफिसात खोट्या व्हेंडरच्या नावाने बिलं काढतात ना, सेम टू सेम तेच.

अर्धवट_प्रेक्षक: हाच हाच!! पतंगांवरून खात्री पटली. शेवटी पकडला जातो का तो?

रीळवेडा: नाही सांगणार, बघा. मॅगी स्मिथवर लक्ष ठेवा फक्त.