आयबीचा चीफ व्हायचं तर रस्ता कुठून जातो?

पोहेवाला: भाचा टीवायला आहे, आयबीच्या (देशातलं गुप्तचर खातं) एसीआयओ (तिथली सुरुवातीची अधिकाऱ्याची पोस्ट) परीक्षेचा फॉर्म भरलाय आणि घरात छातीठोक सांगतोय की वीस वर्षांत डायरेक्टर होणार, ताईने फक्त पेढे वाटायचे बाकी ठेवलेत. खरंच असं होतं का? जाणकारांनी सांगा.

बिनपगारी: ताईंना म्हणावं पेढे जरा थांबवा. नोकरी चांगली आहे पण डायरेक्टरची खुर्ची आयपीएसवाल्यांची. २०२२ ला डायरेक्टर झालेले तपन डेका १९८८ बॅचचे, हिमाचल केडर (म्हणजे नेमून दिलेलं राज्य). बरेच जण तरुणपणीच आयबीत जातात ते तिथेच मुरतात, केडर नुसतं कागदावर. आणि एवढं करून टर्म साधारण दोन वर्षांची, पुढे सरकारने एक्स्टेन्शन दिलं तर दिलं. अजित डोवाल घ्या, १९६८ चे केरळ केडरचे, मिझोराममध्ये काम, १९८८ ला कीर्तिचक्र, आणि डायरेक्टर झाले जुलै २००४ ला अन् जानेवारी २००५ ला रिटायर! म्हणजे जन्मभर वारी आणि विठोबापुढे उभं राहायला मिळतं ते एवढंसंच.

पोहेवाला: अरे बापरे. मग सगळ्यात जास्त टिकलं कोण?

जुनी_फाईल: बी. एन. मलिक, १९५० ते १९६४, जवळपास सगळा नेहरूंचा काळ. तेव्हा रॉ नव्हतीच (ती १९६८ ची) त्यामुळे देशाबाहेरची खबरही आयबीच काढायची, आणि म्हणूनच १९६२ च्या चीन युद्धाचा ठपका त्यांच्यावर पण आला. पण मला ते आठवतात हजरतबलमुळे. डिसेंबर १९६३, ऐन थंडीत दर्ग्यातला प्रेषित मोहम्मदांचा मानला जाणारा पवित्र केस चोरीला गेला, अख्खं श्रीनगर रस्त्यावर, नेहरूंनी थेट मलिकनाच तिकडे धाडलं. ४ जानेवारीला केस जागेवर परत! कुणी नेला, कसा आणला, लोकांना धड काही सांगितलंच नाही. या नोकरीत जमलेलं काम असंच दिसतं बघा, म्हणजे दिसतच नाही.

बिनपगारी: +१. त्यात आयबीला अटक करायचा अधिकारच नाही. खबर यांनी काढायची, धाड राज्याच्या पोलिसांनी टाकायची, पेपरात फोटो पण त्यांचाच.

चाळकरी: आपल्याकडचे दत्ता पडसलगीकर विसरलात का, चीफ नाही झाले पण आयबीत कितीतरी वर्षं काढली आणि २०१६ ला मुंबईचे कमिशनर होऊन आले तेव्हा आमच्या चाळीत निम्म्या लोकांना नाव पण माहीत नव्हतं. मग देवनार पोलीस स्टेशनला आठ तासांची ड्यूटी सुरू केली, ती आयडिया पण तिथल्याच एका शिपायाची. पुढे ती पसरल्यावर आमच्या मजल्यावरचे हवालदार काका संध्याकाळी सातला मेथीची जुडी घेऊन जिना चढताना दिसले, काकूंना वाटलं सस्पेंड झाले की काय 😂

पोहेवाला: भाच्याला सगळं वाचून दाखवलं. म्हणतो मामा, आधी टियर वन (परीक्षेचा पहिला टप्पा) तर निघू दे.