'डॉटर फ्रॉम दानांग' : त्या वेळी कॅमेरा बंद करायला हवा होता का?

रानवारा :
काल ही डॉक्युमेंटरी (२००२) बघितली आणि रात्रभर डोळ्याला डोळा नाही. ज्यांनी बघितली नाहीये त्यांच्यासाठी, एप्रिल १९७५, व्हिएतनाम युद्धाचा शेवट, दक्षिण व्हिएतनामची राजधानी सायगाव शत्रूच्या हाती पडायच्या आधी अमेरिकेनं 'ऑपरेशन बेबीलिफ्ट' करून अडीच हजारांवर मुलं विमानांनी नेली, त्यातलीच एक या फिल्ममधली मुलगी, तेव्हा सात वर्षांची, बाप अमेरिकन सैनिक. टेनेसीत पुलास्की नावाच्या गावात वाढली, व्हिएतनामी पार विसरली, आणि २२ वर्षांनी आईला भेटायला व्हिएतनाममधल्या दानांग शहरात गेली. सुरुवातीला नुसती रडारड, मिठ्या. मग निघायच्या वेळेला सगळं घर बसलंय आणि भाऊ म्हणतो की आईला तिकडे घेऊन जा, नाहीतर दर महिन्याला पैसे पाठव. ती तिथंच कोसळते, हुंदके देत बाहेर जाते. माझं मत, तिथं कॅमेरा बंद करायला हवा होता. तिला धड कळत पण नव्हतं काय बोलतायत, सगळं दुभाष्यामार्फत.

माजघर :
अजिबात पटलं नाही. कॅमेरा बंद केला असता तर उरलं काय, विमानतळावरची मिठी? तेवढं तर अमेरिकेनं १९७५ मध्येच दाखवलंय, राष्ट्राध्यक्ष फोर्ड स्वतः बाळ हातात घेऊन फोटोत आहेत. पण यातली सगळी पोरं अनाथ नव्हती ना! हिची आई जिवंत होती, अमेरिकन बापाच्या पोरांना जाळून टाकतील अशी अफवा होती म्हणून तिनं काळजावर दगड ठेवून पाठवली. ती मिठी आणि ती पैशाची मागणी एकाच घरातली आहे, एक दाखवून दुसरी लपवायची कशी?

रानवारा :
लपवा नाही म्हणत मी. पण बघणाऱ्याला भाऊ लोभी वाटतो, माझ्या नवऱ्याचा पहिला शब्द तोच होता.

चाकरमानी :
लोभी कसला? इतकी वर्षं आईचं या भावंडांनी केलं, आता तुझी पाळी, एवढंच म्हणतोय तो. माझे आजोबा गिरणीत होते, पगार झाला की आधी गावची मनीऑर्डर, मग खोलीचं भाडं, आणि त्याला कुणी भीक म्हणत नव्हतं. घरातलं मानलं म्हणूनच मागितलं, परक्याकडे कोण मागतं?

रानवारा :
पण तिला हे कुणी आधी सांगायला नको? आई रात्री पण तिला बिलगून झोपायची, तिला गुदमरायला होत होतं, ते दिसतं की. तिला सात वर्षांची असताना दुरावलेली आई परत हवी होती आणि मिळाली अख्खी जबाबदारी. फिल्मवाले सोबतच होते, त्यांना तर अंदाज असेल.

माजघर :
हे मात्र मान्य, आधी सांगायला हवं होतं. तरी कॅमेरा चालूच हवा होता. शेवटी दोन वर्षांनी ती म्हणते बघ, दार मी लावलंय पण कुलूप नाही लावलं. मधला तो प्रसंग गाळला असता तर हे वाक्य कळलं असतं का कुणाला?