काळ आणि गोष्ट शिकवणारं विद्यालय : कादंबरीसाठी मदत हवी

कोरी_वही :
नमस्कार मंडळी. आठवी-नववीच्या मुलांसाठी एक कादंबरी लिहायला घेतली आहे. त्यात एक विद्यालय आहे, सगळं माझ्या मनातलं. सह्याद्रीच्या एका घाटाखाली आहे आणि तिथे दोनच विषय शिकवतात, काळ आणि गोष्ट. तीन प्रकरणं झाली आणि गाडी अडली. ही मुलं दिवसभर नक्की करतात काय? माझ्या हातून सारखे जादूचे आरसे आणि उलटी फिरणारी घड्याळंच येताहेत, आणि वाचताना मलाच ते उसनं वाटतं. लेक नववीत आहे. तिने पहिलं प्रकरण वाचून एवढंच विचारलं, "आई, इथे परीक्षा कशाची असते?" मला सांगता आलं नाही. आपल्याकडे काळ मोजायच्या, लिहायच्या कोणत्या रीती होत्या, ज्या मुलांना हाताने करून बघता येतील? आणि गोष्टींशी त्यांची सांगड कशी घालू?

चाळकरी :
आमचे आजोबा गिरगावातले. लग्नपत्रिकेवर वेळ छापली असली तरी लोक विचारत, "मुंबई टाइम की स्टँडर्ड?" देशभराची प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ला आली, पण मुंबईत जुनी वेळ १९५५पर्यंत तग धरून होती. दोघींत ३९ मिनिटांचं अंतर. एकाच संध्याकाळची गोष्ट दोन घड्याळांनी सांगायला लावा मुलांना.

मोडीवाचक :
मुलांच्या हातात एक जुना कागद द्या आणि तारीख काढायला सांगा. शिवकाळातल्या पत्रावर सन अरबी शब्दांत असतो, तोही उलट्या क्रमाने, एकं आधी. 'अर्बा सबैन अलफ' म्हणजे चार, सत्तर, हजार. झाले १०७४. हा शुहूर सन. सूर्य मृगात गेला की याचं वर्ष बदलतं, म्हणून त्याला मृगसालही म्हणतात. शेतकऱ्याचं वर्ष पावसाबरोबर सुरू होतं, हे त्या नावातच आलं. ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन, म्हणजे इथे १६७३-७४. मृगाच्या आधीचं पत्र की नंतरचं, यावर एका वर्षाचा फरक पडतो. राज्याभिषेकानंतरच्या पत्रात राजशकही येतो. शके १५९६, ज्येष्ठ शुद्ध १३ला तो सुरू झाला. मी शिकत असताना एका पत्राचं साल एकाने चुकवलं होतं आणि त्यामुळे बाप मुलाच्या आधी मेला की नंतर, सगळी हकिगतच फिरली होती. तुमच्या लेकीला परीक्षा हवी असेल तर ही घ्या.

गिरणाकाठ :
ताई, तुम्ही मनातलं म्हणताय, पण घाटाखाली असं विद्यालय खरोखर होतं. चाळीसगावहून अठरा-वीस किलोमीटरवर पाटणादेवी आहे. तिथल्या पाटणचा शिलालेख भाऊ दाजी लाडांनी उजेडात आणला. शके ११२८, श्रावणी पौर्णिमा, चंद्रग्रहण. म्हणजे इसवी सन १२०७. यादव राजा सिंघणाचा मुख्य ज्योतिषी चांगदेव (योगी चांगदेव वेगळे) हा बाराव्या शतकातले गणिती भास्कराचार्य यांचा नातू. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने तिथे मठ काढला आणि निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्याला उत्पन्न लावून दिलं. लेखाचा शेवट जुन्या मराठीत आहे. पेठेतल्या मालावरचं काय मठाला द्यायचं ते त्यात सांगितलंय, आणि जितके घाणे चालतात त्या प्रत्येकामागे पळीभर तेल. मला त्या तेलाचं फार अप्रूप वाटतं. रात्री ग्रहगणित शिकायचं तर दिवा लागणारच.

आता गोष्ट. भास्कराचार्यांच्या मुलीची, लीलावतीची, सगळ्यांना ठाऊक आहे. लग्नाचा मुहूर्त साधायला घटिकापात्र, म्हणजे तळाला बारीक भोक असलेली वेळ मोजायची वाटी, पाण्यात सोडलेलं, मुलगी वाकून बघते, अंगावरचा मोती निसटून भोकात बसतो, पाणी आत येणं थांबतं आणि मुहूर्त टळतो. बाप म्हणतो, तुझ्या नावाने ग्रंथ लिहीन. ही गोष्ट भास्कराचार्यांच्या ग्रंथात नाही. तिथे 'अये बाले लीलावति' अशी हाक आहे, बस. पाटणच्या लेखात घराण्याच्या पिढ्या मोजल्यात, पण मुलीचं नाव नाही. गोष्ट भेटते ती अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ला केलेल्या फारसी भाषांतरात. मूळ ग्रंथ ११५०चा. मध्ये ४३७ वर्षं.

म्हणून गोष्ट फेकून द्यायची का? मुळीच नाही. प्रत्येक गोष्टीला दोन काळ असतात, ती घडते तो आणि ती सांगितली जाते तो. तुमच्या विद्यालयात हे दोन्ही काढायला शिकवा.

मी गिरणेकाठच्या एका शाळेत २८ वर्षं गणित शिकवलं. एका वर्षी नववीच्या वर्गात आम्ही घटिकापात्र केलं. तांबटाकडून पातळ पत्र्याच्या दोन वाट्या करून घेतल्या. पहिलीला खिळ्याने भोक पाडलं, ती अकरा मिनिटांत तळाला गेली. दुसरीला बारीक सुईने पाडलं, तर २९ मिनिटं. मग सुई फिरवत, पुन्हा पुन्हा पाण्यात सोडत, दोन दिवसांनी ती २४ मिनिटांवर आणली. हीच घटका, अहोरात्रात अशा ६०. आधी पाण्याची बारीक चूळ वर उडते, मग वाटी जड होत जाते, काठाशी पाणी आलं की क्षणभर थबकते आणि डुबुक करून जाते. त्या दिवशी 'घटका भरली' हा वाक्प्रचार मुलांना मी शिकवावा लागला नाही. पाळीने दोघं बसायची, वाटी काढायची, रिकामी करायची, परत सोडायची आणि टोला द्यायचा.

पंधरा-वीस दिवसांनी घटका लांबायला लागली. २६, मग ३१. एका दुपारी वाटी बुडेचना, नुसती तरंगत राहिली. पाणी बोअरचं, आमच्याकडे क्षार फार. भोकाच्या कडेला पांढरी पुटं चढत चढत ते बुजलं होतं. पाळीवरच्या मुलीने वाटी उजेडाकडे धरली आणि म्हणाली, "सर, मोती बसला!"

तेव्हा मला वाटून गेलं, आणि अजून वाटतं, की ही गोष्ट ज्याने पहिल्यांदा सांगितली त्याने घटिकापात्र नुसतं ऐकलेलं नव्हतं. त्याच्यापाशी बसून त्याने पाळ्या केल्या होत्या. भोकात काहीतरी अडकतं आणि वेळ आपल्याला न कळता निघून जाते, ही भीती हाताने काम करणाऱ्याची आहे.

कोरी_वही :
सर, दोनदा वाचलं. आरसे आणि घड्याळं आज काढून टाकली. पहिलं प्रकरण आता असं सुरू होतंय : नवीन आलेली मुलगी संध्याकाळी पळी घेऊन घाण्यावर तेल आणायला गेली आहे, आणि मठात घटकेचा टोला पडत नाहीये. लेक म्हणते, आपणही वाटी करून बघू. आमच्याकडेही पाणी जडच आहे. भोक बुजलं तर काय करायचं?

गिरणाकाठ :
चिंचेच्या कोळात रात्रभर ठेवा, सकाळी स्वच्छ होतं. परत सुई मात्र घालू नका. भोक केसभर जरी वाढलं तरी घटका गेली.