विभागीय चौकशी: कार्यपद्धती चुकली म्हणून शिक्षा रद्द व्हावी का?

आस्थापना शाखा:
रोकडवहीत तफावत सापडते, कर्मचारी घाईघाईने पैसे भरतो, चौकशी होऊन बडतर्फीचा आदेश निघतो. पुढे 'चौकशी अहवालाची प्रत दिली नव्हती' म्हणून आदेश रद्द. अपहार झालाच नाही, असं त्या निकालात कुठेही नसतं. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधला चौकशीची पद्धत सांगणारा नियम ८ इतका लांबलचक आहे की एखादी पायरी राहतेच. त्या चुकीमुळे आपलं नुकसान झालं हे कर्मचाऱ्याने दाखवावं, नाहीतर शिक्षा कायम राहावी.

बचाव सहायक:
अहो, हा निकष आहेच! १९९३ मध्ये करुणाकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हेच सांगितलं. प्रत न मिळाल्याने बचावाला बाध आला का ते आधी पाहायचं. आला असेल तरच आदेश रद्द, आणि चौकशी अहवाल देण्याच्या टप्प्यापासून पुन्हा चालवायची मुभा. अपचारी, म्हणजे आरोप असलेला कर्मचारी, सुटतो तो त्यानंतर फाईल कपाटात पडून राहते म्हणून.

बहुतेक प्रकरणं मुळात पुराव्यावर पडतात. तुमची रोकडवहीच घ्या. दोषारोपपत्राच्या जोडपत्र ३ मध्ये, म्हणजे कागदपत्रांच्या यादीत, रोकडवही, बँकेचं विवरणपत्र, लेखापरीक्षण अहवाल. जोडपत्र ४ मध्ये साक्षीदार एकच, तोही तफावतीनंतर रुजू झालेला अधीक्षक. सादरकर्ता अधिकारी (प्रशासनाची बाजू मांडणारा) छायाप्रतींचा गठ्ठा पुढे करतो, त्यावर निशाणी क्रमांक पडतात आणि पुरावा संपतो. रोख मोजणारा, तफावतीच्या पानावर सही करणारा कुणीच बोलावलेला नाही. मग उलटतपासणी घ्यायची कुणाची? कागद नुसता हजर केला म्हणजे सिद्ध झाला असं नाही, हे २००८ च्या रूपसिंग नेगी निकालात स्पष्ट आहे. याला तांत्रिक चूक म्हणू नका. इथे आरोपच सिद्ध झालेला नाही.

आस्थापना शाखा:
साक्षीदार मिळतात कुठे? निम्मे निवृत्त, उरलेले बदलीवर. अपचारी मात्र दर तारखेला अर्ज देतो: बचाव सहायक आजारी, कागदपत्रं अपुरी, चौकशी अधिकारी बदला. आणि उशिराचं खापर आमच्यावर.

चौकशी अधिकारी (निवृत्त):
त्याला उपाय रोजनामा. तारीख कुणी मागितली, कारण काय, पुढची तारीख कोणती हे लिहून त्याच दिवशी दोघांच्या सह्या घ्या. नोटीस बजावल्याचा पुरावा जोडा आणि तरीही गैरहजर असेल तर एकतर्फी चालवा. फक्त एकतर्फी म्हणजे साक्षी न घेता नव्हे, इथेच हमखास गफलत होते.

दुसरी गफलत दोषारोपात. 'कर्तव्यात कसूर केली, सचोटी राखली नाही' एवढंच लिहिलं तर उत्तर काय देणार? कोणत्या तारखेची, कोणत्या पावतीची, किती रक्कम भरली नाही ते जोडपत्र १ आणि २ मध्ये यायला हवं. शिवाय अहवालात आरोप सिद्ध नाही असं आलं आणि शिक्षा देणाऱ्या प्राधिकाऱ्याला ते पटलं नाही, तर असहमतीची तात्पुरती कारणं कळवून म्हणणं मागवायचं. हे सांगणारा कुंजबिहारी मिश्रा निकाल १९९८ चा आहे, तरी थेट शिक्षेचे आदेश निघतातच.

कनिष्ठ लिपिक:
निलंबनाबद्दल कुणी बोललंच नाही. निर्वाह भत्ता सुरुवातीला अर्धवेतनी रजेच्या वेतनाइतका. तीन महिन्यांनंतर विलंब कर्मचाऱ्यामुळे नसेल तर तो भत्ता आणखी जास्तीत जास्त ५० टक्क्यांनी वाढवता येतो, पण तो आढावा घेणारं टिपण कुणी उघडत नाही. भत्ताच मिळाला नाही म्हणून माणूस चौकशीला येऊ शकला नाही, तर एकतर्फी चौकशी टिकत नाही. १९९९ च्या पॉल अँथनी प्रकरणात तेच झालं. अजयकुमार चौधरी निकालानुसार (२०१५) निलंबनापासून तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही, तर निलंबन त्यापुढे वाढवू नये. चार पानांचं दोषारोपाचं ज्ञापन तेवढ्या वेळात का होत नाही?

आस्थापना शाखा:
भत्त्याचं आणि ज्ञापनाचं मान्य, तिथे आमचीच हयगय. पण अपहाराचा भक्कम पुरावा असलेलं प्रकरण प्रत न दिल्याने मागे गेलं, तर ती प्रत न देणाऱ्या अधिकाऱ्याला साधी नोटीसही जात नाही. भुर्दंड सरकारी तिजोरीला.

बचाव सहायक:
मग मागणी ती करा. आदेश रद्द झाला की कोणती पायरी कुणामुळे राहिली हे निश्चित करून त्याच्यावर कारवाई व्हावी. माझी सही पहिली. अपचाऱ्याचा प्रत मिळण्याचा हक्क मात्र त्यासाठी कमी करायचा नाही.