इंदूरच्या सराफ्यात एकट्याने वाजवताना पाच मिनिटं उठायचं कसं?

रामबागचा_बासरीवाला
वय 52, दिवसा टायरच्या दुकानात हिशेब लिहितो. आठवड्यातून चार रात्री सराफ्यात सोन्याची दुकानं बंद झाली की एका ओट्यावर बसून बासरी वाजवतो. पांढरी तीन या पट्टीची, फोनवर तानपुरा लावून. थंडीत बासरीचा सूर उतरतो, तानपुरा मात्र जागचा हलत नाही, म्हणून मधेमधे ती काखेत धरून शेकतो. लोक भुट्ट्याचा कीस खात थांबतात, व्हिडिओ काढतात, पुढे जातात. पैशांचं रडगाणं नाही. अडचण लघवीची आहे, हसू नका. परवा समोर एवढी गर्दी, आणि "जरा सामान बघता का" म्हणावं असा एक चेहरा सापडेना. सगळं बोचकं बांधून गेलो. परत येतो तर ओट्यावर एक कुटुंब आइस्क्रीम खात बसलेलं. तसाच घरी आलो. आईने विचारलं, कसं झालं? म्हटलं, छान.

मालवी_मराठा
गायक अमीर खाँसाहेबांच्या गावात कलावंतावर ही वेळ! आणि हो, पाणी कमी पीत जा.

रामबागचा_बासरीवाला
खाँसाहेबांना कशाला मधे आणता? आणि ओठ कोरडे पडले की बासरीतून नुसती हवा येते हो.

खिचडीवाली_ताई
दादा, माझा तिथेच ठेला होता. आम्ही एकमेकांचे गल्ले सांभाळायचो. तुम्ही येता, ना राम राम ना काही, सरळ फडकं पसरता. आधी कुणाकडे तरी खा, आणि दहा रुपये बाकी ठेवा. बाकी असली की दुसऱ्या दिवशी बोलणं होतंच.

क्लॅरिनेट_निवृत्त
लग्नाच्या बँडमध्ये आम्ही सोळा जण होतो, तेव्हा हा प्रश्नच पडला नाही. पुढे एकटा वाजवू लागलो तेव्हा पडला. एक विचारतो, डोळे मिटून वाजवता का? मिटलेल्या डोळ्यांशी कोण बोलणार?

रामबागचा_बासरीवाला
मिटूनच वाजवतो. उघडले की सूर हलतो.
ताई, काल गराडू, म्हणजे तळलेला कंद, घेतले. वरचा जीरावण मसाला जरा जास्तच पडला होता. दहा रुपये बाकी ठेवले, तर पोरगा म्हणाला, "भिया, कल दे देना." दहाच्या सुमारास त्यालाच विचारलं, पाच मिनिटं बघतोस का? मी फोन उचलायला वाकलो तर म्हणाला, "जाओ, पर ये तानपुरा चालू रहने दो."